कपाटातील पहारेकरी

केंब्रिज विद्यापीठाच्या गणित प्रयोगशाळेत एक पोलादी कपाट होते. त्यात छिद्रे पाडलेल्या कागदी फितींची लहान लहान भेंडोळी खुणा घालून ठेवलेली असत. ६ मे १९४९ रोजी याच प्रयोगशाळेतील ‘एडसॅक’ नामक गणकयंत्राने आपली पहिली आज्ञावली पार पाडून वर्गसंख्यांचा तक्ता छापला होता. त्यानंतर थोड्याच दिवसांत यंत्रावर काम करणाऱ्यांच्या ध्यानी आले की, वर्गमूळ काढणे, ज्या-कोज्या काढणे, उत्तरे नीटनेटक्या रकान्यांत छापणे ही कामे प्रत्येकास पुनःपुन्हा करावी लागतात आणि प्रत्येक जण ती करताना नव्याने चुका करतो. आपल्या उर्वरित आयुष्याचा बराच भाग स्वतःच्याच आज्ञावलींतील चुका शोधण्यात जाणार, असा साक्षात्कार प्रयोगशाळेचे प्रमुख मॉरिस विल्क्स यांना त्या काळात जिना चढताना झाला, असे त्यांनीच पुढे नमूद करून ठेवले आहे. चुकांची ही यातायात कमी व्हावी म्हणून, एकाने लिहून पारखून घेतलेला आज्ञांचा तुकडा सर्वांसाठी कपाटात ठेवावयाचा आणि ज्यास हवा असेल त्याने त्याची नक्कल आपल्या फितीवर उतरून घ्यावयाची, अशी वहिवाट तेथे पडली. डेव्हिड व्हीलर यांनी असे तुकडे मुख्य आज्ञावलीशी जोडण्याची युक्ती बसविली. १९५१ पर्यंत कपाटात असे ८७ तुकडे जमले होते. विल्क्स, व्हीलर आणि स्टॅन्ली गिल यांनी त्याच वर्षी त्यांची माहिती ग्रंथरूपाने प्रसिद्ध केली, आणि दूरदूरच्या प्रयोगशाळांनाही त्या कपाटाचा लाभ मिळाला.

या संग्रहाला ‘लायब्ररी’ हेच नाव पडले आणि ते आजतागायत टिकले आहे. घराघरांतील संगणकांत आज अशा शेकडो लायब्रऱ्या फाईलींच्या रूपाने नांदत असतात. त्यांतील काहींचे काम मात्र केंब्रिजच्या कपाटात कोणाच्या मनातही आले नसते. त्या गणित करीत नाहीत, अक्षरे छापीत नाहीत की चित्र काढीत नाहीत. समोर बसलेल्या माणसाने वर्गणी भरली आहे किंवा नाही, एवढेच त्या पाहतात. कपाटाच्या आतच एक पहारेकरी येऊन बसला आहे. तो तेथे कसा आला आणि तेथे त्यास सुखाने का बसता येत नाही, हे समजून घेण्याजोगे आहे.

प्रथम कपाटाची पुढची वाटचाल पाहू. केंब्रिजच्या पद्धतीत प्रत्येक आज्ञावली आपल्याला लागणाऱ्या तुकड्यांची स्वतंत्र नक्कल बाळगीत असे. यंत्राची स्मृती महाग असण्याच्या काळात ही उधळपट्टीच होती. दहा आज्ञावली एकाच वेळी चालल्या तर एकच तुकडा दहा ठिकाणी जागा अडवून बसावयाचा. शिवाय त्यात चूक सापडली तर ती दहा ठिकाणी दुरुस्त करावी लागे. १९६० नंतरच्या दशकात अमेरिकेत ‘मल्टिक्स’ नावाची संगणक-व्यवस्था रचली गेली. तीत तुकडा एकाच जागी ठेवून, आज्ञावली चालू असताना गरज पडेल तेव्हाच तो तिच्याशी जोडावयाचा, अशी योजना होती. १९८५ च्या पहिल्या ‘विंडोज’मध्ये आणि १९८८ च्या ‘सनओएस’च्या चौथ्या आवृत्तीत हीच कल्पना सामान्य वापरात आली. विंडोजमध्ये अशा फाईलींच्या नावापुढे ‘डीएलएल’ ही अक्षरे असतात, तर लिनक्समध्ये ‘एसओ’.

सामायिक लायब्ररीचे मर्म असे की, आज्ञावलीच्या पोटी तुकडा नसतो. केवळ त्याचे नाव असते. आज्ञावली सुरू होताना संगणकाची मूळ व्यवस्था ते नाव ठरलेल्या जागी शोधते, सापडलेली फाईल स्मृतीत आणते आणि अमुक काम अमुक पत्त्यावर होईल असे आज्ञावलीस कळविते. नाव जुळले, आत हव्या त्या नावांची कामे सापडली, की व्यवस्थेचे समाधान होते. त्यामुळे जुनी फाईल काढून तिच्या जागी त्याच नावाची सुधारलेली फाईल ठेवली, की तिच्यावर विसंबणाऱ्या सर्व आज्ञावली एका फटक्यात सुधारतात. फाईल बदलता येते, हाच या योजनेचा सर्वांत मोठा गुण होय. पुढील सर्व कथा या गुणाभोवती फिरते.

आता वर्गणीकडे वळू. आरंभीच्या काळात आज्ञावलीचे वेगळे मोल कोणी मागत नसे. यंत्र विकत अथवा भाड्याने घेतले की आज्ञावली त्याबरोबर येत. २३ जून १९६९ रोजी आयबीएम कंपनीने यंत्राची आणि आज्ञावलींची किंमत वेगळी करण्याचे जाहीर केले, आणि आज्ञावली हा स्वतंत्र विक्रीचा माल ठरला. माल ठरला तशी चोरीचीही तक्रार आली. ३ फेब्रुवारी १९७६ ही तारीख घातलेल्या एका खुल्या पत्रात तरुण बिल गेट्स यांनी हौशी संगणकप्रेमींना, आपली आज्ञावली फुकट उतरून घेता हे बरे नव्हे, असे सुनावले होते. त्यांचा राग अनाठायी नव्हता. ज्या वस्तूची नक्कल मुळाइतकीच चांगली आणि जवळजवळ फुकट होते, ती विकून पोट भरणे खरोखरच कठीण आहे.

उपाय म्हणून नाना प्रकारची कुलुपे निघाली. त्यांतील एक कुलूप ग्रंथपालांना फार ओळखीचे वाटेल. १९८८ मध्ये ‘फ्लेक्सएलएम’ नावाची परवाना-व्यवस्था बाजारात आली. कारखान्यांतील आराखडे काढण्याच्या महागड्या आज्ञावलींसाठी ती पुष्कळ वापरली गेली. समजा, एखाद्या अभियांत्रिकी महाविद्यालयाने एका आज्ञावलीचे दहा परवाने घेतले. प्रयोगशाळेत यंत्रे चाळीस आहेत आणि आज्ञावली चाळीसही यंत्रांवर बसविलेली आहे. एका निराळ्या संगणकावर, ज्यास परवाना-सर्व्हर म्हणतात, दहा परवान्यांची नोंद असते. विद्यार्थ्याने आज्ञावली उघडली की तिच्याशी जोडलेली परवान्याची लायब्ररी सर्व्हरला विचारते, ‘एक परवाना शिल्लक आहे काय?’ असल्यास तो त्या विद्यार्थ्याच्या नावे चढतो. आज्ञावली बंद केली की परत जमा होतो. अकराव्या विद्यार्थ्यास, कोणी तरी आपला परवाना परत करीपर्यंत, थांबावे लागते. पुस्तकांच्या देवघेवीचीच ही रीत आहे. फरक इतकाच की येथे पुस्तक प्रत्येकाच्या टेबलावर अगोदरच पडलेले असते आणि केवळ ते उघडण्याची मुभा देवघेवीत असते. मुभा घेऊन गेलेले यंत्र मध्येच बंद पडले तर परवाना अडकून राहू नये, म्हणून लायब्ररी आणि सर्व्हर ठराविक वेळाने एकमेकांची विचारपूस करीत राहतात. सर्व्हरच बंद पडला तर सगळी प्रयोगशाळा ठप्प होईल; त्यावर तोड म्हणून तीन सर्व्हर मांडून त्यांपैकी दोन जिवंत असले की काम चालावे, अशीही सोय करता येते.

परवान्याची नोंद ही देखील एक साधी फाईल असते. कित्येकदा तर ती कोणासही वाचता येते. मग तीत १० च्या जागी १०० लिहिण्यास काय हरकत आहे? येथे १९७७ मध्ये रिव्हेस्ट, शमीर आणि एडलमन या तिघांनी शोधलेली गणिती युक्ती उपयोगी पडते. विक्रेत्याजवळ दोन किल्ल्या असतात, एक गुप्त आणि एक जाहीर. जाहीर किल्ली लायब्ररीत ठेवलेली असते. लहान आकड्यांत ही युक्ती कागदावर करून पाहण्यासारखी आहे. गुप्त किल्ली ७, जाहीर किल्ली ३ आणि दोहोंना सामाईक भाजक ३३, असे माना. परवान्याच्या मजकुरावरून ठरलेल्या नियमाने एक संख्या काढतात. तिला सारांक म्हणू. तो ४ आला. विक्रेता ४ चा सातवा घात करतो. तो १६,३८४ होतो. त्यास ३३ ने भागले असता बाकी १६ उरते. ही १६ म्हणजे विक्रेत्याची स्वाक्षरी. ती परवान्याखाली लिहिलेली असते. तपासताना लायब्ररी १६ चा तिसरा घात करते, तो ४,०९६. त्यास ३३ ने भागले की बाकी ४, म्हणजे मूळ सारांक, परत मिळतो. कोणी मजकुरात फेरफार केला तर सारांक ४ न राहता दुसरा काही होईल आणि स्वाक्षरीशी जुळणार नाही. नवी स्वाक्षरी करावी तर गुप्त किल्ली हवी. ३३ म्हणजे ३ गुणिले ११ हे शाळकरी मुलासही दिसते, आणि ते दिसले की गुप्त किल्ली काढता येते. परंतु प्रत्यक्ष व्यवहारातला भाजक सहाशेहून अधिक अंकी असतो, आणि त्याचे अवयव पाडणे आजच्या यंत्रांच्या आवाक्याबाहेरचे आहे.

वर्गणीच्या परवान्यात याखेरीज एक मुदत असते. मुदत पाहावयाची तर घड्याळ पाहिले पाहिजे, आणि घड्याळ ग्राहकाच्या यंत्रात असते. ते मागे करणे हाताचा मळ. म्हणून लायब्ररी आपण शेवटी पाहिलेली वेळ कोठे तरी टिपून ठेवते आणि काळ उलटा वाहिलेला दिसला की संशय घेते.

एवढी भक्कम गणिते असूनही पहारेकरी दुबळाच राहतो. त्याचे कारण गणितात नाही, जागेत आहे. स्वाक्षरीची सारी पडताळणी झाल्यावर उत्तर उरते ते ‘होय’ किंवा ‘नाही’ एवढेच, आणि ते ग्राहकाच्याच यंत्रात, ग्राहकाच्याच ताब्यातील स्मृतीत उरते. पहारेकऱ्यास ज्याच्यापासून घर राखावयाचे, त्याच्याच घरात तो मुक्कामास असतो. त्यातही पहाऱ्याचे काम सामायिक लायब्ररीत ठेवले असेल तर प्रकरण आणखी नाजूक होते. त्याच नावाची, त्याच नावांची कामे असणारी, परंतु विचारल्यावर डोळे मिटून ‘होय’ म्हणणारी दुसरी फाईल तेथे ठेवली की काम भागले. जो बदलण्याचा गुण दुरुस्तीसाठी योजला होता, तोच येथे भगदाड ठरतो. सामायिक लायब्ररी बदलता यावी आणि कुलूप बदलता येऊ नये, या दोन अपेक्षा एका फाईलीत नांदू शकत नाहीत.

या भगदाडातून चोर विक्रेत्याच्याच घरात शिरतो असे मात्र नव्हे. शाळेच्या संगणक-कक्षात एखादी आज्ञावली उघडताना ‘अमुक डीएलएल सापडत नाही’ असा संदेश येतो. एखादा चुणचुणीत मुलगा ते नाव आंतरजालावर शोधतो आणि कोठल्याशा अनोळखी ठिकाणाहून फाईल आणून जागेवर ठेवतो. आज्ञावली सुरू होते. सर्वांना आनंद होतो. परंतु व्यवस्थेने पाहिले ते केवळ नाव. आणलेल्या फाईलीस आज्ञावलीचे सर्व अधिकार आपोआप मिळतात, आणि तिच्यात परवान्याला ‘होय’ म्हणण्यापलीकडे आणखी काय भरले आहे, ते तिच्या कर्त्यालाच ठाऊक. कुलूप चुकविणाऱ्या बनावट फाईलींतून हेरगिरीच्या आणि खंडणीच्या आज्ञावली पसरविणे हा जुना धंदा आहे. हरवलेली फाईल मूळ विक्रेत्याची आज्ञावली पुन्हा बसवूनच परत आणावी, दुसरीकडून नव्हे.

विक्रेत्यांनी या दुबळेपणावर क्रमाक्रमाने उपाय केले. आज्ञावलीने लायब्ररीवर विसंबण्यापूर्वी तिचीच स्वाक्षरी तपासावी, हा एक. पहाऱ्याचे काम सामायिक न ठेवता आज्ञावलीच्या पोटात शिवून टाकावे, म्हणजे केंब्रिजच्या नकलेच्या रीतीकडे परत जावे, हा दुसरा. विंडोजच्या स्वतःच्या परवान्यासाठी ‘एसएलसी’ आणि ‘एसपीपीसी’ या नावांच्या लायब्रऱ्या आहेत. पण त्या केवळ चौकशीच्या खिडक्या होत. निर्णय मागे चालणारी एक स्वतंत्र सेवा करते. असे करता करता निर्णयाची जागा ग्राहकापासून दूर दूर सरकत गेली, आणि शेवटी ती त्याच्या घराबाहेर, विक्रेत्याच्या सर्व्हरवर जाऊन पोहोचली. घरातल्या फाईलीकडे आता मुख्यतः निरोप्याचे काम उरले आहे.

याची किंमत कोणी दिली ते पाहावयाचे तर १२ ऑगस्ट २००८ हा दिवस आठवावा. व्हीएमवेअर कंपनीची ‘ईएसएक्स’ ही व्यवस्था एकाच मोठ्या संगणकात अनेक कल्पित संगणक चालविते. पुष्कळ कचेऱ्यांचे व्यवहार अशा कल्पित संगणकांवर चालतात. तिची नवी आवृत्ती तयार होत असताना, चाचणीच्या प्रती कायमच्या वापरात राहू नयेत म्हणून तीत मुदतीची एक तपासणी घातलेली होती. विक्रीस काढताना ती काढून टाकावयाची राहिली. ठरलेली तारीख उजाडताच, ज्यांनी पूर्ण दाम मोजले होते अशा ग्राहकांनाही व्यवस्था सांगू लागली की, तुमच्या परवान्याची मुदत संपली. चालू असलेले कल्पित संगणक चालत राहिले; पण जे बंद होते ते सुरू होईनात. कोणी काही चोरले नव्हते. कुलूपच धन्यावर उलटले होते. दुरुस्ती हाती येईपर्यंत यंत्रांची तारीख दोन दिवस मागे नेण्याचा उपाय सांगितला गेला. जी लबाडी ओळखण्यासाठी घड्याळावर पाळत ठेवण्याची पद्धत निघाली, तीच येथे प्रामाणिक ग्राहकांच्या उपयोगी पडली, हा योगायोग मोठा मार्मिक आहे.

दुसरा प्रसंग वर्गणीचा. ६ मे २०१३ रोजी, म्हणजे एडसॅकच्या पहिल्या आज्ञावलीनंतर बरोबर ६४ वर्षांनी, अडोबी कंपनीने जाहीर केले की, छायाचित्रे आणि पुस्तकांची मांडणी यांसाठी जगभर वापरल्या जाणाऱ्या तिच्या आज्ञावलींच्या नव्या आवृत्त्या यापुढे कायमच्या विकत मिळणार नाहीत. त्या वर्गणीनेच वापरावयाच्या. पुढील वर्षी, मे २०१४ मध्ये, कंपनीच्या सर्व्हरवरील ओळख पटविण्याची सेवा एक दिवसाहून अधिक काळ बंद पडली. ज्यांच्या यंत्रातील परवाना ताजा होता त्यांचे काम बहुधा चालले. जे त्याच दिवशी नव्याने प्रवेश घेऊ पाहत होते, त्यांची वर्गणी भरलेली असूनही दार उघडले नाही. अशा खोळंब्यास उतारा म्हणून परवान्याच्या लायब्रऱ्यांत सवलतीची मुदत असते: सर्व्हर भेटला नाही तरी अमुक दिवस जुन्या होकारावर काम चालावे. ही मुदत किती दिवसांची असावी, हे ठरविणे वरवर क्षुल्लक दिसते. परंतु जेथे आंतरजाल आठवडा आठवडा नसते अशा गावातील शाळेला वर्गणीची आज्ञावली उपयोगी पडेल की नाही, हे त्या एका आकड्यावर ठरते.

सर्व्हर केव्हा तरी कायमचा बंद होणार, हेही धरून चालले पाहिजे. याच कंपनीने २००५ मध्ये विकलेल्या एका संचाचा परवाना मान्य करणारा सर्व्हर काही वर्षांनी काढून घेतला. तेव्हा, जानेवारी २०१३ च्या सुमारास, सर्व्हरला न विचारता चालणाऱ्या प्रती तिने जुन्या ग्राहकांसाठी उपलब्ध करून दिल्या. हे सौजन्य झाले. तसे करण्याचे बंधन तिच्यावर होते असे नाही.

भारतीय कायद्याने या व्यवहारात दोन्ही बाजू पाहिल्या आहेत. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात १९८४ च्या दुरुस्तीने संगणकाच्या आज्ञावलींना साहित्यकृतींच्या पंक्तीस बसविले. कलम ५२ प्रमाणे, आज्ञावली कायदेशीर रीतीने बाळगणाऱ्यास, ती हरवू किंवा बिघडू नये म्हणून राखीव प्रत करून ठेवता येते. उलट, २०१२ च्या दुरुस्तीने आलेल्या कलम ६५-अ अन्वये, हक्कांचा भंग करण्याच्या हेतूने तांत्रिक कुलूप फोडणाऱ्यास दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड होऊ शकतो. राखीव प्रत करण्याचा हक्क आहे खरा. पण ती प्रत उघडताना सर्व्हरचा होकार लागत असेल तर तो हक्क कागदावरच राहतो.

बदलता येण्याचा जो गुण कुलूपवाल्यांना दोष वाटतो, त्यालाच हक्क मानणारा एक परवानाही आहे. ग्नू प्रकल्पाने १९९१ मध्ये लायब्रऱ्यांसाठी म्हणून एक स्वतंत्र परवाना प्रसिद्ध केला. त्याचा मथितार्थ असा: आमची लायब्ररी आपल्या विक्रीच्या आज्ञावलीस खुशाल जोडा, मात्र ग्राहकास ती लायब्ररी काढून तिच्या जागी स्वतः सुधारलेली बसविता आली पाहिजे. लिनक्सवरील जवळजवळ प्रत्येक आज्ञावलीस लागणारी मूळ लायब्ररी याच परवान्याखाली आहे. तिच्यातही हक्क आहेत, अटी आहेत आणि त्या न पाळणाऱ्यास न्यायालयात खेचता येते. दारावर पहारेकरी तेवढा नाही.

अशा आज्ञावलींचा वापर आपल्या देशात शाळांनी आणि ग्रंथालयांनीच विशेष केला, हे नमूद करण्याजोगे आहे. केरळ राज्याने आपल्या शाळांतून संगणकाचे शिक्षण मुक्त आज्ञावलींवर उभे केले. ग्रंथालयांच्या नोंदींसाठी भारतात अनेक ठिकाणी वापरली जाणारी ‘कोहा’ ही आज्ञावली न्यूझीलंडमधील होरोव्हेनुआ या भागातील ग्रंथालयांसाठी जन्मली. १९९९ मध्ये तेथील जुनी व्यवस्था २००० हे साल ओलांडू शकणार नाही असे दिसून आले. नवी विकत घेण्यापेक्षा तयार करवून घ्यावी आणि सर्वांस मोकळी करावी, असे तेथील चालकांनी ठरविले. २००० च्या जानेवारीच्या पहिल्या दिवसांत ती कामास लागली. ‘कोहा’ हा माओरी शब्द असून, पाहुण्याने यजमानाकडे नेलेली आणि परतफेडीची जाण राखून दिलेली भेट, असा त्याचा अर्थ आहे.

वर्गणीच्या आज्ञावली टाळाव्यात असा याचा अर्थ नव्हे; पुष्कळ कामांसाठी त्यांना तोड नाही, आणि त्या रचणाऱ्यांना वेतन कोठून तरी मिळालेच पाहिजे. तथापि, एखादे ग्रंथालय दहा वर्षांच्या नोंदी अशा आज्ञावलीच्या स्वाधीन करणार असेल तर करारापूर्वी काही गोष्टी लेखी विचारून घेणे त्याच्या हाती असते. सर्व्हर भेटला नाही तर काम किती दिवस चालेल? वर्गणी थांबली तर जुन्या नोंदी निदान वाचता तरी येतील काय? त्या सर्व नोंदी साध्या मजकुराच्या फाईलीत, दुसऱ्या कोणत्याही आज्ञावलीस वाचता येतील अशा, उतरून घेता येतात काय? आणि तसे करताना परवान्याच्या लायब्ररीला विचारावे लागते काय? शेवटच्या प्रश्नाचे उत्तर विक्रेत्याकडून बहुधा सहजासहजी मिळत नाही. एका यंत्राची आंतरजालाची तार काढून आणि तारीख वर्षभर पुढे करून ते अर्ध्या तासात पाहता येते.